वाजवणाऱ्याचं नाव कुठे लिहिलंय?

एखादा ज्येष्ठ वादक गेला की मुंबई-पुण्यातल्या माझ्या मित्रांत तोच वाद पुन्हा निघतो. अमक्या गाण्याच्या सुरुवातीचा तुकडा ज्यांनी वाजवला, त्यांचं नाव रेकॉर्डवर का नव्हतं? एक म्हणतो, अन्याय झाला. दुसरा म्हणतो, सेशनचे पैसे मिळाले होते, विषय संपला. मग हमखास कोणीतरी मला सांगतं, 'तुमच्या तिकडे असं होत नाही.'

तिकडे काय झालं ते सांगतो. मी राहतो त्या उत्तर लंडनमध्ये होलोवे रोडवर ३०४ क्रमांकाची इमारत आहे. तिच्यावरची पाटी जो मीक या ध्वनिमुद्रकाची आठवण सांगते. खाली चामड्याच्या वस्तूंचं दुकान आणि वरच्या भाड्याच्या खोल्यांमध्ये त्याचा स्टुडिओ, अशी तिथली रचना होती. १९६२च्या जुलैमध्ये टेलस्टार उपग्रह आकाशात गेला, अटलांटिकपलीकडची थेट चित्रं दूरचित्रवाणीवर दिसली आणि मीक भारावून गेला. त्याला स्वरलेखन येत नव्हतं. सुचलेली चाल तो गुणगुणून टेपवर घ्यायचा आणि त्यावरून वादकांनी ती बसवायची.

द टॉर्नेडोज हा पाच जणांचा वाद्यवृंद तेव्हा गायक बिली फ्युरीच्या साथीला ग्रेट यारमथला होता. ते सुट्टीत लंडनला आले, गिटार, बास आणि ड्रम्सचा पाया घालून दिला आणि कार्यक्रमासाठी परत पळाले. ड्रमवर क्लेम कॅटिनी होता. त्याचा घोड्याच्या टापांसारखा धावता ठेका काढून टाकला, तर सगळी चाल हवेत लोंबकळत राहील. पण ती चाल अजून वाजलेलीच नव्हती. बँड निघून गेल्यावर मीकने त्याच्यासाठी गाणी लिहिणाऱ्या जेफ गॉडर्डला क्लॅव्हिओलिन या वाद्यावर बसवलं आणि मुख्य सुरावट त्याच्याकडून टेपवर चढवून घेतली. शेवटी ऐकू येणारा शब्दांविना आलापही गॉडर्डचाच. गॉडर्ड टॉर्नेडोजमध्ये नव्हता. ऑगस्टमध्ये 'टेलस्टार' याच नावाने रेकॉर्ड बाजारात आली, ब्रिटनमध्ये पाच आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिली आणि डिसेंबरमध्ये अमेरिकेतही पहिली आली. तिथे हा मान मिळवणारा हा पहिला ब्रिटिश बँड. जगाने जो आवाज डोक्यावर घेतला, तो काढणाऱ्याचं नाव बँडच्या यादीत नव्हतं.

क्लॅव्हिओलिन म्हटलं की मराठी कानांनी थांबायला हवं. एका वेळी एकच सूर देणारं हे विजेवरचं छोटं वाद्य त्याआधी आठ वर्षं मुंबईत गाजून चुकलं होतं. १९५४च्या 'नागिन'मधली बीन ही खरी बीन नव्हे. संगीतकार हेमंतकुमार यांच्यासाठी ती कल्याणजींनी क्लॅव्हिओलिनवर आणि रवींनी हार्मोनियमवर उभी केली. ते दोघं पुढे स्वतः संगीतकार झाले, म्हणून ही गोष्ट आपल्याला ठाऊक आहे. जे आयुष्यभर वादकच राहिले, ज्या गोव्याच्या संयोजकांनी आणि वादकांनी हिंदी चित्रपटसंगीताला वाद्यवृंदाची शिस्त दिली, त्यांची किती नावं आपण सांगू शकतो? अँथनी गोन्साल्विस, सबॅस्टियन डिसूझा. इथेच बहुतेकांची यादी संपते.

पुन्हा मीककडे. जाँ लद्रु या फ्रेंच संगीतकाराने चाल चोरल्याचा दावा लावला आणि मीकची रॉयल्टी अडकून पडली. ३ फेब्रुवारी १९६७ रोजी, कर्जात आणि मानसिक आजारात पिचलेल्या मीकने घरमालकिणीला गोळी घातली आणि मग स्वतःला. निकाल त्याच्या बाजूने लागला तो त्यानंतर काही आठवड्यांनी. गॉडर्डने संगीताचा धंदा सोडला आणि रीडिंग विद्यापीठाच्या खानपान विभागात नोकरी धरली.

वादकांच्या बाजूने ब्रिटनचा कायदा उभा राहिला तो १९९६च्या डिसेंबरमध्ये. ध्वनिमुद्रण रेडिओवर किंवा पबमध्ये वाजलं, की त्यात वाजवणाऱ्यालाही वाटा मिळू लागला. पीपीएल ही संस्था ते पैसे गोळा करून वाटते आणि त्यासाठी कोणी काय वाजवलं याची नोंद लागते. मला ही व्यवस्था मनापासून आवडते, कारण तिथे उपकाराची भाषा नाही. तरी तिचीही एक बाजू टोचते. २०१३च्या नोव्हेंबरमध्ये ध्वनिमुद्रणाच्या हक्कांची मुदत ५० वर्षांवरून ७० झाली, पण आधीच संपलेले हक्क परत आले नाहीत. 'टेलस्टार'ची मुदत २०१२ संपताना संपली होती. दहा महिन्यांनी संधी हुकली. चालीचा हक्क मात्र मीकच्या मृत्यूनंतर ७० वर्षं, म्हणजे २०३७च्या अखेरीपर्यंत चालू राहील.

म्हणून 'तुमच्या तिकडे' हे मला मान्य नाही. आणि 'पैसे मिळाले, विषय संपला' हे तर अजिबातच नाही. भारतात कॉपीराइट कायद्यातल्या २०१२च्या दुरुस्तीने कलावंताला व्यावसायिक वापरातून रॉयल्टीचा हक्क दिला. पण कलावंत कोण, हे सांगणाऱ्या कलमात एक अपवाद घातला. चित्रपटात ज्याचं काम किरकोळ किंवा प्रासंगिक आहे आणि धंद्याच्या रिवाजानुसार ज्याचं नाव श्रेयनामावलीतही येत नाही, त्याला या हक्कापुरतं कलावंत मानायचं नाही. पन्नास व्हायोलिनांच्या ताफ्यात बसलेल्या माणसाचं काम किरकोळ, असं उद्या एखाद्या निर्मात्याच्या वकिलाने म्हटलं, तर तो माणूस काय दाखवणार? नाव न छापण्याचा रिवाज आपणच पाडला, आणि आता त्याच रिवाजाच्या आधारे त्याचा हक्क नाकारता येईल. मित्रांच्या वादात हे कलम मी अजून एकदाही ऐकलेलं नाही. तिथे बोलणं असतं ते मानाचं, सत्काराचं, शाल-श्रीफळाचं.

सत्कार जरूर करा. पण मराठी चित्रपट आणि अल्बम काढणाऱ्यांकडून मला हवंय ते वेगळं आहे. रेकॉर्डिंग संपलं की स्टुडिओतून निघण्याआधी वादकांची यादी व्हावी: नाव, वाद्य, तारीख. तिच्यावर निर्माता आणि संयोजकाची सही असावी, एक प्रत वादकाच्या खिशात जावी. पडद्यावरच्या नामावलीत आणि गाणं ऑनलाइन चढवताना भरायच्या माहितीत तीच यादी जशीच्या तशी यावी, कोरसमधल्या शेवटच्या आवाजापर्यंत. याला सरकारी समिती लागत नाही, नवा कायदाही लागत नाही. पुढच्या रेकॉर्डिंगपासून सुरू करता येईल.