देशाला उपसरपंच का नाही?

मे महिन्यात आमचे सरपंच हृदयविकाराच्या झटक्यानं गेले. गाव अंबाजोगाई तालुक्यातलं, विहिरी आटलेल्या, टँकरचा प्रस्ताव तहसीलला जायचा होता. दहावं व्हायच्या आत तो उपसरपंचांच्या सहीनं गेला. कुणी वाद घातला नाही. पद रिकामं झालं की नवा सरपंच येईपर्यंत कारभार उपसरपंचानं बघायचा, हे कायद्यातच लिहिलेलं आहे.

लातूरच्या अभ्यासिकेत एमपीएससीची तयारी करणारी माझी लेक तेव्हा घरी होती. म्हणाली, "अण्णा, पंतप्रधानांसाठी अशी एक ओळसुद्धा घटनेत नाही." मी नागरिकशास्त्र शिकवलेला माणूस, तरी पुस्तक काढून बसलो. तिचं खरं आहे. राष्ट्रपतिपद रिकामं झालं तर उपराष्ट्रपती, हे कलम 65 सांगतं. पंतप्रधानांबद्दल कलम 75 एवढंच म्हणतं, की त्यांची नेमणूक राष्ट्रपती करतील. उपपंतप्रधान हा शब्दच घटनेत नाही. सरदार पटेल त्या पदावर होते, पण ते पद राजकीय मानाचं, वारसाहक्काचं नव्हे.

मग आजवर निभावलं कसं? 27 मे 1964 ला नेहरू गेले. राष्ट्रपती राधाकृष्णन यांनी ज्येष्ठ मंत्री गुलझारीलाल नंदा यांना त्याच दिवशी शपथ दिली आणि 9 जूनला शास्त्रीजी आले. 11 जानेवारी 1966 ला ताश्कंदमध्ये शास्त्रीजी गेले, पुन्हा नंदाच. दोन्ही वेळा जेमतेम तेरा दिवस. दुसऱ्या वेळी तर काँग्रेसच्या खासदारांनी रीतसर मतदान केलं : इंदिरा गांधी 355, मोरारजी देसाई 169. मला हे फार मोलाचं वाटतं. शोकातसुद्धा निवड खासदारांनीच केली.

31 ऑक्टोबर 1984 ला इंदिरा गांधींची हत्या झाली, तेव्हा तसं झालं नाही. कधीही मंत्री नसलेल्या राजीव गांधींना त्याच संध्याकाळी शपथ दिली गेली, पक्षाच्या सगळ्या खासदारांची बैठक होण्याआधीच. प्रसंग भयंकर होता, घाई समजू शकते. पण हंगामी पंतप्रधान नेमायचा संकेत त्या दिवशी मोडला, आणि लेखी नियम नसल्यामुळं त्याला अडवणारं काही नव्हतं.

या सगळ्या वेळी एका पक्षाचं भक्कम बहुमत होतं, हे विसरू नये. आघाडी सरकारात असं घडलं तर ज्येष्ठ कोण? संख्येनं मोठ्या पक्षाचा, की अनुभवानं मोठा? 1979 मध्ये राष्ट्रपतींनी चरणसिंगांना बोलावलं आणि ते एकदाही लोकसभेला सामोरे न जाता काळजीवाहू म्हणून जानेवारी 1980 पर्यंत राहिले. तिथं कुणाचं निधन झालेलं नव्हतं, तरी एवढा गुंता.

म्हणून मला कलम 75 मध्ये दोनच वाक्यं हवीत. पंतप्रधानांचं निधन झाल्यास, त्यांनी पदावर येतानाच लेखी ठरवून दिलेल्या क्रमातला पहिला मंत्री हंगामी कारभार पाहील. पंधरा दिवसांत लोकसभा आपला नेता मतदानानं निवडेल. काही जण म्हणतील, संकेत पुरेसे आहेत, कशाला घटनेला हात लावता? त्यांनी 1984 ची ती संध्याकाळ आठवावी.

मसुदा लेकीनं वहीत लिहून दिलाय. पुढच्या आठवड्यात आमच्या खासदारांना प्रत्यक्ष भेटून देणार आहे. वकील मंडळींनी त्याआधी शब्दरचना तपासून दिली तर उपकार होतील.