ती सतार नव्हे

तीस वर्षे सतार शिकवणाऱ्या माझ्या आत्यानेच तो संदेश अभिमानाने पुढे पाठवला, म्हणून हे लिहिणे भाग पडले. सोव्हिएत दिग्दर्शक आंद्रेई तार्कोव्स्की यांच्या १९७९ मधील 'स्टॉकर' या चित्रपटात आपली सतार वाजते, त्याचे संगीत म्हणजे आपल्याकडून चोरलेला राग आहे, संगीतकार एदुआर्द आर्तेम्येव यांनी केवळ यंत्राची कळ दाबली आणि तार्कोव्स्की देश सोडून गेल्यावर आर्तेम्येव यांची कारकीर्द आटोपली, असे त्यात ठासून सांगितले आहे.

आधी सतारीचे पाहू. तिथे वाजते ते 'तार' नावाचे अझरबैजानी वाद्य. इंग्रजी आठाच्या आकड्यासारखे तुतीच्या लाकडात कोरलेले, तोंडावर पातळ चामडी पडदा ताणलेले आणि छातीशी आडवे धरून वाजवायचे. त्यात भोपळा कुठून येणार? संशोधक तात्याना येगोरोवा यांच्याशी बोलताना आर्तेम्येव यांनी सगळी हकीकत स्वतःच सांगितली आहे. चौदाव्या शतकातील एक इटालियन धून तारवर, वाद्यवृंदाच्या साथीने वाजवून पाहिली, ती तार्कोव्स्कींनी नाकारली. मग तारचे वादन मुद्रित करून त्याची गती इतकी कमी केली की एकेका तारेची थरथर स्वतंत्र ऐकू यावी, आणि सोबतीला बासरी घेतली. मिंडेला, म्हणजे एका सुरावरून दुसऱ्यावर अलगद सरकण्याला, सरावलेल्या कानाला त्यात सतारीचा भास होत असेल, तर ते मी समजू शकतो.

एक गोष्ट मात्र नाइलाजाने मान्य करतो. मागे अखंड धरलेला स्वर आर्तेम्येव यांना भारतीय संगीतातील तंबोऱ्यावरून सुचला आणि तो त्यांनी सिंथेसायझरवर उभा केला. हेही त्यांनीच सांगितले आहे, लपवलेले नाही. परंतु तंबोऱ्यावरून सुचलेली कल्पना आणि चोरलेला राग यांतील फरक आत्याच्या नवख्या विद्यार्थ्यालाही कळावा. शिवाय राग कोणता, हे सांगण्याची तसदी संदेशकर्त्याने घेतलेलीच नाही.

कळ दाबण्याचे म्हणाल, तर तार्कोव्स्कींच्याच १९७२ च्या 'सोलारिस' या चित्रपटासाठी त्यांनी वापरलेल्या, अभियंता येव्गेनी मुर्झिन यांनी बनवलेल्या 'एएनएस' या सिंथेसायझर यंत्रात काळा लेप दिलेल्या काचेवर संगीतकाराला हाताने ओरखडे काढावे लागत. त्यांतून प्रकाश जाई आणि त्याचाच ध्वनी होई. कोरी काच मुकीच राही.

उरली कारकीर्द. तार्कोव्स्कींनी देश सोडल्यानंतर आर्तेम्येव यांनी संगीत दिलेले हे काही चित्रपट पाहा: दिग्दर्शक निकिता मिखाल्कोव्ह यांचे 'बर्न्ट बाय द सन' (१९९४) आणि 'द बार्बर ऑफ सायबेरिया' (१९९८), हॉकीपटूवरचा 'लेजंड नंबर १७' (२०१३), आणि दिग्दर्शक आंद्रेई कोंचालोव्स्कींचा शिल्पकार-चित्रकार मायकेलअँजेलोवरचा 'सिन' (२०१९). आर्तेम्येव वारले डिसेंबर २०२२ मध्ये.