वॉरंटीत समुद्र येत नाही

परवा पांढरा लेंगा घालून देवळात जाऊन आलो. वाटेत चौघांशी थांबून गप्पाही मारल्या. घरी आल्यावर बायको म्हणाली, "मागे हे तांबडे पट्टे कसले?"

झोपाळ्याचे. गणपतीत पुण्याहून आणलेल्या स्टेनलेस स्टीलच्या झोपाळ्याचे. चौघांपैकी एकानेही सांगितलं नाही. एरवी आमच्या गुहागरात तुमच्या चुलीवर काय शिजतंय ते तुमच्याआधी शेजाऱ्याला कळतं.

संध्याकाळी आप्पा हजर. जुन्या स्पीकरातून काढलेलं चुंबक त्यांच्या खिशात कायम असतं. ते त्यांनी दांड्याला लावलं, पडलं.

"चिकटत नाही. म्हणजे माल अस्सल."

"मग गंजला कसा?"

"गंज नाही तो. खारा वारा बसलाय."

"आप्पा, लेंगा बघा."

आप्पांनी चष्मा कपाळावर चढवला, लेंगा उजेडात धरला आणि चुंबक त्या डागाला लावलं. "इथेपण चिकटत नाही," म्हणाले, आणि चहा मागितला.

चुंबकावरून काही ठरत नाही हो! स्टेनलेस स्टीलच्या प्रतींना नंबर असतात. त्यातलं स्वस्तातलं 202 चिकटत नाही, 304 नाही, 316ही नाही. फरक पोटात असतो. 316 मध्ये दोन-तीन टक्के मॉलिब्डेनम नावाचा धातू असतो, म्हणून ते मिठापुढे बरंच टिकतं. माझा 304, असं बिलावर तरी लिहिलंय. स्क्रूंना मात्र चुंबक धावत जाऊन चिकटलं, आणि प्रत्येक स्क्रूखाली तांबडा ओघळ.

दुकानात फोन केला.

"समुद्रापासून किती लांब?"

"दीडशे पावलं."

"मग वॉरंटीत येत नाही. रोज गोड्या पाण्याने धुवा, कोरडा पुसा."

सल्ला बरोबर आहे, त्याचाच जास्त राग येतो. मे महिना, विहिरीने तळ दाखवलाय, मी दोन तांब्यांत अंघोळ उरकतो, आणि झोपाळ्याला रोज अभिषेक! विकताना पत्ता यांनीच लिहून घेतला होता. तेव्हा गुहागर डोंगरात होतं का?

आजोबांचा सागवानी झोपाळा पितळी कड्यांचा होता. कड्या हिरवट पडायच्या, आजी चिंचेने घासायची, संपलं. जागा अडते म्हणून मीच तो काढला. पुण्याच्या एकाने अँटिक म्हणून नेला.

लेंग्याच्या डागावर बायकोने लिंबू आणि मीठ चोळलंय. हो, मीठच. आता तो नायलॉनच्या दोरीवर वाळतोय. तार गेल्याच पावसात गंजून तुटली.