मामा, ग्रीन रिव्हर माझ्या घरामागून वाहते

20 ऑगस्टला आमच्या घरच्या ग्रुपवर दरवर्षीप्रमाणे दाभोलकरांचा फोटो आला आणि त्याखाली मामांनी लिहिलं, निकालाला अकरा वर्षं लागली, गोळ्या झाडणारे दोघं जन्मठेपेला गेले, तिघं सुटले आणि सूत्रधार कोण ते अजून कुणी सांगत नाही, हेच अमेरिकेत असतं तर एफबीआयनं आठ दिवसांत उचलून विजेच्या खुर्चीवर बसवला असता. त्याच्यावर चौदा अंगठे. मी तेव्हा सिअॅटलजवळच्या केंटमधल्या ऑफिसमधून घरी येत होते, 167 हायवेवर गाडी तुंबलेली, आणि माझं डोकंच फिरलं. दाभोलकरांबद्दल मामांना वाटतं तेच मलाही वाटतं. राग आला तो त्या "आठ दिवसांत" चा.

घरी येऊन मी लिहिलं की मामा, सिअॅटलमध्ये टॉम वेल्स नावाचे सरकारी वकील होते, फेडरल प्रॉसिक्यूटर, बंदुकांवर बंधनं हवीत म्हणून चळवळ चालवायचे. 11 ऑक्टोबर 2001 च्या रात्री क्वीन अॅन भागातल्या स्वतःच्या घराच्या तळघरात कॉम्प्युटरवर बसले असताना खिडकीतून गोळ्या घालून त्यांना मारलं. म्हणजे माणूस एफबीआयच्या घरचाच म्हणा की. आज इतकी वर्षं झाली, बक्षीस 25 लाख डॉलरपर्यंत गेलंय, आणि एकालाही त्या खुनासाठी कोर्टात उभं केलेलं नाही. वॉशिंग्टन राज्यात खुर्ची तर कधी नव्हतीच. इथे दोरीची फाशी होती, आपल्यासारखीच, 1993 मध्ये वॉला वॉलाच्या तुरुंगात एकाला खरंच लटकवलं होतं. 2018 मध्ये राज्याच्या सुप्रीम कोर्टानं फाशी घटनाबाह्य ठरवली आणि 2023 मध्ये ती कायद्यातूनही गेली.

त्यावर मावसभावाचं उत्तर आलं, "तू तिकडे बसून आम्हाला शिकवू नको, तुमच्याकडे तर घरटी एक सीरियल किलर." म्हणजे एकाला अमेरिका स्वर्ग वाटते आणि दुसऱ्याला कत्तलखाना, आणि दोघांनीही ती मोबाईलवरच पाहिलेली. मी 2006 पासून इथे राहते. म्हणून हे सगळं नीट लिहायला बसले.

ग्रीन रिव्हर माझ्या घरामागून वाहते. रोज संध्याकाळी मी ट्रेलवर चालायला जाते, एका बाजूला गोदामं आणि एका बाजूला नदी, पावसाळ्यात पाणी तपकिरी होतं तेव्हा मला कृष्णेची आठवण येते. त्याच नदीत मीकर स्ट्रीटच्या पुलापाशी जुलै 1982 मध्ये सायकलवरून जाणाऱ्या दोन मुलांना एका मुलीचं प्रेत दिसलं. ऑगस्टच्या मध्यापर्यंत नदीत आणि काठावर मिळून पाच झाली. पुढची दोन-तीन वर्षं सापडतच राहिली, एअरपोर्टच्या आसपासच्या झाडीत, ऑबर्नकडे, आय-90 हायवेच्या बाजूच्या जंगलात. बहुतेक मुली पंधरा ते पंचविशीतल्या, घरातून पळालेल्या, पॅसिफिक हायवेवर धंद्याला उभ्या राहणाऱ्या. हा तोच रस्ता ज्यावरून माझी मुलगी रॅपिडराइड ए लाइनची बस पकडून मैत्रिणीकडे जाते.

मारणारा गॅरी रिजवे. रेंटनच्या केनवर्थमध्ये ट्रक रंगवायचा, तीस वर्षं एकच नोकरी, बायको, घर, चर्च. आता ते "आठ दिवस" मोजा मामा. 1982 मध्येच धंद्यासाठी बाई ठरवताना साध्या वेशातल्या पोलीस बाईनं त्याला पकडलं होतं. 1984 मध्ये लाय डिटेक्टरला बसवलं, तो पास झाला. 1987 मध्ये त्याच्या घराची झडती घेतली आणि तोंडातली लाळ कापसावर घेऊन ठेवली. तेव्हा इतक्या थोड्या नमुन्यावरून डीएनए काढायची सोय नव्हती. ती लाळ चौदा वर्षं पुराव्याच्या फ्रीझरमध्ये राहिली, 2001 मध्ये नव्या पद्धतीनं तपासली, जुळली, आणि 30 नोव्हेंबरला कारखान्यातून बाहेर पडताना त्याला धरलं. नंतर मुलींच्या कपड्यांवर ट्रकच्या रंगाचे इतके बारीक कण मिळाले की सूक्ष्मदर्शकाशिवाय दिसत नाहीत, त्यावरून आणखी तीन खून जोडले गेले. पहिल्या प्रेतापासून अटकेपर्यंत 19 वर्षं. दाभोलकर खटल्याच्या अकरापेक्षा आठ जास्त.

पण मला झोप लागत नाही ती या आकड्यांमुळे नाही. 1983 च्या वसंतातली एक गोष्ट आहे. अठरा वर्षांची एक मुलगी पॅसिफिक हायवेवर एका पिकअप ट्रकमध्ये बसून गेली, तिच्या मित्रानं लांबून पाहिलं, पाठलाग केला आणि सिग्नलला ट्रक चुकला. मुलगी परत आली नाही. मग तो मित्र आणि तिचे वडील, दोघंजण गाडी घेऊन गल्ल्यागल्ल्यांतून तो ट्रक शोधत हिंडले. आणि त्यांना सापडला! एका घरासमोर उभा होता. पोलिसांना बोलावलं. पोलीस आले, दार वाजवलं, रिजवे बाहेर आला, म्हणाला अशी कुठली मुलगी मी पाहिली नाही, आणि पोलीस निघून गेले. बापानं खुन्याचं घर शोधून दिलं होतं हो, त्या दारात उभा होता बाप. मुलीची हाडं 2003 मध्ये मिळाली, ती पण रिजवेनंच जागा दाखवली म्हणून.

2003 च्या नोव्हेंबरात रिजवेनं कोर्टात 48 खून कबूल केले, पुढे 2011 मध्ये एकोणपन्नासावा. त्याच्या जबाबात तो सरळ म्हणतो की धंदा करणाऱ्या मुली मी निवडल्या कारण त्या सहज गाडीत बसतात आणि त्या हरवल्याची तक्रार लगेच कुणी करत नाही, कदाचित कधीच करत नाही. त्याला शेजारपाजार, पोलीस, पेपरवाले, सगळ्यांचा हिशोब बरोबर माहीत होता. कोण मेलं तर ओरड होईल आणि कोण मेलं तर नाही.

ओरड झाली की काय होतं ते याच भागात आधी दिसलं होतं. 14 जुलै 1974, रविवार, लेक समॅमिशच्या पार्कात तुडुंब गर्दी, एक देखणा मुलगा हात गळ्यात बांधून बायकांना म्हणतोय होडी चढवायला जरा मदत करा, नाव सांगतोय टेड. एका दुपारी दोन बायका नाहीशा झाल्या. त्याच पार्कात आम्ही मराठी लोक उन्हाळ्यात भेळ आणि आइस्क्रीम घेऊन बसतो. त्याआधी युनिव्हर्सिटीच्या मुली गायब झालेल्या, चांगल्या घरच्या, पेपरांत फोटो, रोज बातम्या. पोलिसांनी काउंटीच्या, म्हणजे जिल्ह्याच्या, पगारपत्रकाचा कॉम्प्युटर वापरून याद्या जुळवल्या, त्या काळात. टेड बंडीचं नाव लोकांनी कळवलेल्या नावांत होतं, त्याच्या मैत्रिणीनंसुद्धा कळवलं होतं, पण कायद्याचा विद्यार्थी, गुन्ह्याची नोंद नाही, मागे पडलं. शेवटी 1975 मध्ये यूटामध्ये रस्त्यावर गाडी थांबवली म्हणून सापडला. मामांची खुर्ची ती ही, फ्लोरिडातली, 1989 ची. म्हणजे ओरड झाली तरी लगेच सापडतो असं नाहीच. पण शोधणारे निदान बसून राहत नाहीत.

आणि मावसभावा, हे फक्त "तुमच्याकडे" असतं असं समजू नको. आई सांगते की जोशी-अभ्यंकर खुनांच्या वेळी, 1976-77 मध्ये, पुणं संध्याकाळी सातला दारं लावून घ्यायचं. दहा माणसं मारली, मारणारे अभिनव कला महाविद्यालयाची पोरं. सगळं पोलीस खातं कामाला लागलं, 1977 मध्येच पकडले, 1983 मध्ये येरवड्यात चौघांना फाशी. बंगल्यातली, वाड्यातली माणसं होती ती, काही तर भांडारकर रस्त्यावरची. आणि ऐंशीच्या दशकात मुंबईत सायन-किंग्ज सर्कलकडे फुटपाथवर झोपलेल्यांची डोकी कुणीतरी दगडानं ठेचत होतं, डझनभर माणसं गेली. तो कोण ते आजतागायत कळलं नाही. किती जणांना त्या मेलेल्यांपैकी एकाचं तरी नाव माहितीय? मलाही नाही. तरी हे आपलंच राज्य.

एका गोष्टीत मात्र मी आमच्या किंग काउंटीची बाजू घेणारच. (हे लिहिताना "आमच्या" कसं आलं ते मला कळलं नाही, पण खोडत नाही.) सरकारी वकील नॉर्म मॅलेंग आधी म्हणाले होते की फाशीबाबत सौदा करणार नाही. मग रिजवेच्या वकिलांनी सांगितलं, फाशी मागू नका, तो सगळ्या मुलींबद्दल सांगेल. मॅलेंगनी मान्य केलं. लोक भडकले, 48 जणींना मारणारा जगणार असेल तर दुसऱ्या कुणाला फाशी कशी द्याल असं विचारू लागले, आणि प्रश्न बरोबरच होता, कारण याच राज्यातल्या स्पोकेनच्या रॉबर्ट येट्सला त्याहून कमी खुनांसाठी 2002 मध्ये फाशी सुनावली होती. पण त्या सौद्यामुळे 2003 च्या उन्हाळ्यात रिजवेला महिनोन्महिने तपास पथकाच्या ऑफिसातच ठेवलं, गाडीत घालून जंगलात नेलं, आणि तो दाखवत गेला तिथे खणत गेले. लटकवला असता तर अर्ध्या आया आजही दाराकडे बघत बसल्या असत्या.

आणि ते थांबले नाहीत. ज्या हाडांना नाव नव्हतं त्यांना नंबर होते. "बोन्स 10" ही 1984 मध्ये एअरपोर्टजवळच्या बेसबॉलच्या मैदानामागे सापडली होती. जानेवारी 2021 मध्ये डीएनएवरून वंशावळ शोधून तिचं नाव लागलं. चौदा वर्षांची होती. 37 वर्षं तिला नंबर होता. शेवटची अनोळखी मुलगी 2024 मध्ये ओळखली गेली. ग्रुपवर "फाशी फाशी" करणाऱ्यांना मला हे सांगायचंय, की मेलेल्या मुलीला तिचं नाव परत देणं हे पण न्यायाचंच काम आहे आणि त्याला दोरीपेक्षा जास्त वेळ, जास्त पैसा लागतो.

हे सगळं मी ग्रुपवर टाकलं, तीन मेसेज करून. अंगठा एकही नाही. रात्री मामांचा फोन आला, तिकडे सकाळ. मला वाटलं रागावले. ते म्हणाले, "अगं, त्या बापाचं वाचलं. ट्रक शोधणाऱ्या." आणि मग थोडं थांबून, "तुला आपल्या शांतामावशी आठवतात का?"

आठवतात. आमच्याकडे धुणंभांडी करायच्या. मी बारावीत होते तेव्हा त्यांची थोरली पोर, माझ्याच वयाची, कॅनॉलच्या बाजूनं शाळेतून येताना नाहीशी झाली. आमच्या घरात सगळे म्हणाले गेली असेल कुणाबरोबर. आई म्हणाली, आजी म्हणाली. मी पण म्हणाले, मी तर मैत्रिणींना सांगितलं की ती तसलीच होती, आणि मला तिच्याबद्दल काही म्हणजे काही माहिती नव्हतं, तिनं माझे जुने ड्रेस घातलेले मी पाहिले होते एवढंच. मावशी आठ दिवस आल्या नाहीत तर आईला दुसरी बाई शोधायची घाई झाली होती. एवढी वर्षं ग्रीन रिव्हरच्या काठानं चालताना त्या इंग्रजी नावांच्या मुलींसाठी माझा घसा दाटून येतो आणि तिची आठवण मला एकदाही झाली नाही.

मामा म्हणाले, त्या वेळी मावशींबरोबर चौकीत मीच गेलो होतो. दोनदा. मला हे माहीतच नव्हतं. बाकावर चार तास बसवलं म्हणाले, मग रजिस्टरला मिसिंग लिहून घेतलं आणि सांगितलं येईल पोट घेऊन परत, जावा घरी. "मावशींसमोर म्हणाला गं तो. मला काही बोलता आलं नाही. तेव्हापासून मला वाटायचं, कुठंतरी असेल की असा देश जिथं पोलीस लगेच उठत असतील."

मी काय बोलणार होते त्यावर. आठ दिवसांचा हिशोब मी त्यांना आकड्यांनी खोडून दाखवला होता.

मावशी अजून आहेत, गावातच असतात, धाकट्या मुलाकडे. मामांना विचारलं की ती नोंद अजून असेल का, तारीख, नंबर काही. ते म्हणाले तारीख मला आठवते, नंबर बघावा लागेल, जाऊन विचारतो. बहात्तर वर्षांचे आहेत. मी म्हटलं एकटे जाऊ नका, डिसेंबरात मी येतेय, दोघं जाऊ, मावशी येत असतील तर तिघं. मावसभावाला अजून उत्तर दिलेलं नाही. मुलीचं नाव संगीता होतं, हे मला मामांना विचारावं लागलं.