युद्ध संपलं म्हणून त्या घरी गेल्या नाहीत

परत ती पोस्ट फिरतेय, की दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेतले बेसबॉल खेळाडू लढाईवर गेले म्हणून त्यांच्या टीममध्ये बायकांना घेतलं, सगळ्या बायकांना संधी मिळाली, गर्दी खेचायला स्कर्ट घालून सॉफ्टबॉलसारखं (मोठ्या बॉलचा, बेसबॉलचाच एक प्रकार) काहीतरी खेळवलं, आणि 1945 ला पुरुष परतल्यावर सगळं बंद. हजारो लोक शेअर करतायत, म्हणून लिहितोय.

पुरुषांच्या टीममध्ये कुणी घेतलंच नव्हतं. मेजर लीग, म्हणजे पुरुषांची सगळ्यात वरची बेसबॉल स्पर्धा, युद्धातही चालूच होती, राष्ट्राध्यक्ष रूझवेल्टनेच 1942 ला पत्र लिहून खेळ थांबवू नका म्हणून सांगितलं होतं. शिकागो कब्ज या मेजर लीग टीमचा मालक रिग्ली, च्युइंगगमवाला, त्याला स्टेडियम ओस पडायची भीती वाटली म्हणून 1943 ला मुलींची वेगळी लीग काढली. रॉकफर्ड, रसीन, केनोशा, साउथ बेंड अशा चार टीम, आणि आठवड्याला 45 ते 85 डॉलर पगार.

1945 ला बंद? अहो, 1954 पर्यंत चालली! सगळ्यात जास्त प्रेक्षक 1948 ला आले, 9 लाखांच्या वर, म्हणजे पुरुष परत आल्यावर.

सॉफ्टबॉलचं म्हणाल तर सुरुवातीला 12 इंच घेराचा बॉल आणि खालून पिचिंग (बॅटिंग करणारीकडे बॉल टाकणं) होतं हे खरं, पण बॉल हळूहळू लहान होत गेला, 1948 पासून ओव्हरहँड, म्हणजे हात वरून फिरवून, पिचिंग आलं आणि शेवटच्या सीझनला तर पुरुषांचाच बॉल.

स्कर्ट मात्र खरा, आणि मला राग येतो तो इथेच, कारण तो मालकांनी लादला, वर मेकअपचे धडेही दिले, आणि पोरींनी त्याच उघड्या मांड्यांवर मातीत स्लाइड मारून बेस चोरले (बॉल मारला गेलेला नसताना पळत पुढचा बेस गाठला), कातडी सोलून निघायची तरी दुसऱ्या दिवशी परत मैदानात. सोफी कुरिसने 1946 च्या एका सीझनमध्ये 201 बेस चोरले. जीन फाउटने दोन परफेक्ट गेम टाकल्या, म्हणजे अख्ख्या मॅचमध्ये समोरच्या एकीलाही पहिला बेस गाठू दिला नाही. हे शोभेचं काम आहे का?

आणि 'सगळ्या बायकांना संधी मिळाली' ही ओळ तर काढूनच टाका. या लीगने एकाही कृष्णवर्णीय मुलीला कधी खेळवलं नाही, 1947 ला जॅकी रॉबिन्सन हा कृष्णवर्णीय खेळाडू मेजर लीगमध्ये आला त्यानंतरसुद्धा नाही. पुरुषांच्या प्रोफेशनल टीममध्ये खरोखर खेळली ती टोनी स्टोन, निग्रो लीगच्या, म्हणजे कृष्णवर्णीयांच्या वेगळ्या लीगच्या, इंडियानापोलिस क्लाउन्स या टीमकडून, सेकंड बेसवर, आणि ते 1953 साल होतं, युद्ध संपून आठ वर्षं झाली होती.