डब्ल्यूएक्सयूआर : लायसन्स काढून घेतलं ते चुकलंच

परवा एका ग्रुपवर विषय निघाला की द्वेष पसरवणारे चॅनल सरकारने सरळ बंद का करत नाही, लायसन्स तर त्यांच्याच हातात असतं. तिथे चार ओळींत सांगून होण्यासारखं नव्हतं म्हणून इथे लिहितेय, कारण हे अमेरिकेत खरंच करून झालंय आणि तेही एका ख्रिस्ती रेडिओ स्टेशनच्या बाबतीत. मी स्वतः ख्रिस्ती, नगरकडची, त्यामुळे ही केस मला जरा जास्तच लागते.

फिलाडेल्फियाच्या बाजूला मीडिया नावाचं गाव आहे (गावाचंच नाव मीडिया), तिथलं हे छोटं स्टेशन, डब्ल्यूएक्सयूआर. १९६५ मध्ये फेथ थिऑलॉजिकल सेमिनरीने (सेमिनरी म्हणजे पाळक तयार करणारं कॉलेज) ते विकत घेतलं आणि सेमिनरीच्या बोर्डावर प्रमुख होते रेव्हरंड कार्ल मॅकिन्टायर. न्यूजर्सीतल्या कॉलिंग्सवूडचे पाळक, कट्टर म्हणजे एकदम कट्टर. त्यांचा रोजचा अर्ध्या तासाचा कार्यक्रम ऐन भरात असताना देशभरात ६०० च्या वर स्टेशनांवरून जायचा. नागरी हक्कांची चळवळ, युनायटेड नेशन्स, नॅशनल काउन्सिल ऑफ चर्चेस (तिथल्या अनेक चर्चेसची देशपातळीवरची संघटना), कुणालाच ते सोडायचे नाहीत. मला त्यांची मतं अजिबात पटत नाहीत, हे आधीच सांगते म्हणजे पुढे गैरसमज नको.

स्टेशन विकत घेतानाच विरोध झाला होता. तिथल्या चर्चेसची काउन्सिल, ज्यू संघटना, कामगार संघटना, सगळ्यांनी एफसीसीकडे म्हणजे तिथल्या रेडिओ-टीव्हीचं लायसन्स देणाऱ्या कमिशनकडे तक्रारी केल्या की हा माणूस एकतर्फी बोलणार. मालकांनी लिहून दिलं की नाही, दुसऱ्या बाजूलाही वेळ देऊ. कारण तेव्हा १९४९ पासून फेअरनेस डॉक्ट्रिन नावाचा नियम होता, वादग्रस्त विषय घेतला तर विरुद्ध मतालाही जागा द्यायची आणि कुणावर वैयक्तिक हल्ला केला तर त्याला कळवून उत्तराची संधी द्यायची.

पण स्टेशन सुरू झाल्यावर काय झालं, तर एक कॉल-इन कार्यक्रम होता, नाव ‘फ्रीडम ऑफ स्पीच’, त्यात लोक फोन करून ज्यू लोकांबद्दल वाट्टेल ते बोलायचे आणि होस्ट त्यांना थांबवायचा नाही. ओरड इतकी झाली की होस्टला काढावं लागलं. पेनसिल्वेनियाच्या विधानसभेने ठराव करून चौकशीची मागणी केली. मी त्या काळी तिथली ज्यू बाई असते तर मीही तक्रार केली असती, १००%.

आता मुद्दा ऐका. १९६६ ला लायसन्स रिन्यू करायची वेळ आली, सुनावणी लांबतच गेली, आणि १९६८ मध्ये ज्या अधिकाऱ्याने सगळे साक्षीपुरावे प्रत्यक्ष ऐकले त्याने निकाल दिला की रिन्यू करा. तरी १९७० मध्ये कमिशनने त्याचा निकाल फिरवून लायसन्स नाकारलं. मॅकिन्टायर कोर्टात गेले, १९७२ मध्ये अपील कोर्टाने कमिशनचीच बाजू घेतली पण तीन न्यायाधीशांपैकी ही बाजू घेणाऱ्या दोघांचं कारणांवर एकमत नव्हतं, एकाने तर फक्त एवढंच धरलं की अर्जात खोटं लिहून दिलं होतं. तिसरे न्यायाधीश डेव्हिड बॅझेलॉन, चांगले उदारमतवादी, मॅकिन्टायरच्या विचारांशी त्यांचा काही संबंध नाही, पण त्यांनी विरोधात मत लिहिलं की यात लोकांनी एक आवाज आणि त्याच्याभोवतीची सगळी वादावादीच गमावली. मला हे फार महत्त्वाचं वाटतं कारण आपल्या बाजूच्या माणसासाठी बोलणं सोपं असतं.

५ जुलै १९७३ ला स्टेशन बंद झालं. मग मॅकिन्टायरनी काय करावं, दुसऱ्या महायुद्धातली एक जुनी माइनस्वीपर (समुद्रातले सुरुंग काढणारी) बोट घेतली, न्यूजर्सीच्या केप मेजवळ समुद्रात उभी केली आणि सप्टेंबरमध्ये तिथून ‘रेडिओ फ्री अमेरिका’ सुरू केलं! साधारण दहा तास चाललं, दुसऱ्या एका स्टेशनच्या आवाजात अडथळा यायला लागला, कोर्टाने बंदी घातली. पण बघा ना, ज्याच्या बोलण्याला उत्तर द्यायचं होतं तोच माणूस छळ सोसणारा हुतात्मा म्हणून मिरवायला मोकळा झाला.

आणि तो फेअरनेसचा नियम दिसतो तेवढा निष्पाप पण राहिला नव्हता. राष्ट्राध्यक्ष केनेडी आणि जॉन्सनच्या काळात सत्ताधारी पक्षाच्या लोकांनीच उजव्या रेडिओवाल्यांना त्रास द्यायला तो वापरला, हे नंतर बाहेर आलं. १९८७ मध्ये नियमच रद्द झाला, आणि त्यानंतर टॉक रेडिओ (नुसत्या बोलण्या-चर्चेचे कार्यक्रम) जो एकतर्फी सुटला तो सुटलाच. म्हणजे आधी एका स्टेशनचा गळा दाबला आणि नंतर उत्तर देण्याचा हक्कच काढून टाकला, दोन्ही टोकं, आणि मधली चांगली गोष्ट होती ती गेली.

आपल्याकडे १९९५ मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की हवेतल्या लहरी ही जनतेची मालमत्ता आहे, त्या निकालात मुख्य लिखाण आपल्या न्यायमूर्ती पी. बी. सावंतांचं. जनतेची म्हणजे सरकारची नाही हे लक्षात घ्या. मीडियावन या मल्याळम चॅनलचं लायसन्स सरकारने रिन्यू केलं नव्हतं तेव्हाही, २०२३ मध्ये, सुप्रीम कोर्टाने सरकारचं म्हणणं मान्य केलं नाही. आज आपल्याला नको असलेलं चॅनल बंद करा म्हणणाऱ्यांनी एवढाच विचार करावा की तो अधिकार उद्या कुणाच्या हातात असेल.

मग त्या ज्यू बाईने काय करायचं, असं कोणी विचारेल आणि विचारायलाच पाहिजे. तिला त्याच स्टेशनवर, त्याच वेळेला, फुकट उत्तर द्यायला मिळायला हवं होतं, आणि ते दिलं नाही तर दर वेळी दंड. लायसन्स तेव्हा तीन वर्षांचं असायचं, ते एक वर्षाचं, अटी घालून देता आलं असतं, कमिशनने इतरांना तसं दिलेलं होतं. इथे तेवढंही करून बघितलं नाही.