एका मतामागे ४०० डॉलर

अमेरिकेतल्या मोन्टाना राज्यातल्या २०२४ च्या सिनेटच्या (अमेरिकन संसदेच्या वरच्या सभागृहाच्या) निवडणुकीबद्दल लिहायचं कधीपासून डोक्यात होतं, आज लिहूनच टाकतो.

निवडणुकीच्या आधी ऑक्टोबरमध्ये तिथल्या बोझमन शहरात मित्राकडे आठवडाभर राहिलो होतो. त्याने पत्रपेटीखाली एक खोकं ठेवलं होतं, रोज येणारी गुळगुळीत रंगीत प्रचारपत्रकं न वाचता त्यात टाकायची. मी गेलो तेव्हा खोकं काठोकाठ भरलेलं. टीव्ही लावला की जाहिरात, मोबाईलवर जाहिरात, युट्यूबवर पोरगी कार्टून बघतेय त्याच्या आधी पण जाहिरात. आणि ९०% जाहिरातींत समोरचा किती वाईट एवढंच.

हे राज्य क्षेत्रफळाने आपल्या महाराष्ट्राहून मोठं आणि माणसं जेमतेम ११ लाख. गहू, गुरं, डोंगर. तिथला तेव्हाचा सिनेटर डेमोक्रॅट जॉन टेस्टर, बिग सँडी नावाच्या छोट्याशा गावाजवळचा शेतकरी, त्याच जमिनीवर घरची तिसरी पिढी. नऊ वर्षांचा असताना खिम्याच्या मशीनमध्ये डाव्या हाताची तीन बोटं गेली. सिनेटर झाल्यावरही शेती सोडली नाही. २००६ ला साडेतीन हजार मतांनी निवडून आला, मग २०१२ ला त्याच मतदारांनी राष्ट्राध्यक्ष म्हणून रिपब्लिकन रोमनीला मत दिलं आणि सिनेटला टेस्टरला. माणूस बघून मत देणारं राज्य होतं हे.

२०२४ ला तो हरला, साधारण सात टक्क्यांनी. जिंकलेला रिपब्लिकन टिम शीही माजी नेव्ही सील, म्हणजे नौदलाचा कमांडो, आगी विझवणाऱ्या विमानांची कंपनी काढलेला. लोकांनी निवडून दिलंय, त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. माझा जीव तुटतो तो पैशावरून. सिनेटमध्ये तेव्हा डेमोक्रॅट ५१ आणि रिपब्लिकन ४९, त्यामुळे अख्ख्या सिनेटचं बहुमत बऱ्याच अंशी या जागेवर येऊन ठेपलं आणि दोन्ही बाजूंनी मिळून २५ कोटी डॉलरच्या वर ओतले. मतं पडली साधारण ६ लाख, म्हणजे एका मतामागे ४०० डॉलरच्या वर! आणि यातला बराचसा पैसा राज्याबाहेरचा, ज्यांना मोन्टानातल्या एका गावाचं नाव सांगता येणार नाही त्यांचा.

वाईट याचं वाटतं की याच राज्याने हे सगळं आधी भोगलंय. तांब्याच्या खाणींचा मालक विल्यम क्लार्क, त्याने १८९९ ला आमदारांना लाच देऊन सिनेटची जागा मिळवली, तेव्हा सिनेटर आमदारच निवडायचे. प्रकरण अंगाशी आलं आणि त्याला राजीनामा द्यावा लागला. लोक इतके चिडले होते की १९१२ ला त्यांनी स्वतः मतदान करून कायदा आणला, कंपन्यांनी निवडणुकीत पैसा ओतायचा नाही. शंभर वर्षं टिकला तो कायदा! २०१२ ला सुप्रीम कोर्टाने ५ विरुद्ध ४ ने मोडीत काढला. मला तो निर्णय तेव्हाही चुकीचा वाटला होता आणि ते खोकं बघितल्यावर तर जास्तच.

मित्राच्या शेजारी एक म्हातारे रँचवाले राहतात, आता गुरं मुलगा बघतो. ते म्हणाले, टेस्टरला तीनदा मत दिलंय, जत्रेत भेटला की हात मिळवायचा, विचारपूस करायचा, पण यावेळी वॉशिंग्टनमध्ये बहुमत कोणाचं हे बघून देणार. मी विचारलं, तुमची स्वतःची अडचण काय आहे? तर म्हणाले, घरांच्या किमती, नातवाला इथे घर घेणं जमणार नाही, पोरगं राज्य सोडून जाईल. बराच वेळ बोलत होते त्यावर. आम्ही त्यांच्या ओसरीवर बसलो होतो, आणि बोलता बोलता त्यांनी त्या दिवशीची टपाल उघडली, सात पत्रकं होती, मी एकेक उलटून पाहिलं, घराचा विषय एकातही नव्हता.